लिव्हरच्या तपासण्या: कोणता रिपोर्ट काय सांगतो आणि काय सांगत नाही

तिसरी घंटा

'एलएफटी नॉर्मल आलं, म्हणजे लिव्हर ठणठणीत' आणि 'एसजीपीटी वाढलंय, म्हणजे लिव्हर कामातून गेलं' ही दोन वाक्यं आरोग्याच्या धाग्यांवर सतत वाचायला मिळतात. (एलएफटी म्हणजे यकृताच्या रक्ततपासण्यांचा संच, एसजीपीटी हा त्यातला एक आकडा.) दोन्ही चुकीची आहेत, आणि पहिलं जास्त घातक आहे. सिरॉसिस (यकृतात व्रण म्हणजे कडक चट्टे पसरून ते आक्रसणं) झालेल्या माणसाचं एसजीपीटी नॉर्मल असू शकतं. उलट साध्या विषाणूजन्य काविळीत ते दोन हजारांवर जातं आणि काही आठवड्यांत मुकाट्यानं खाली येतं.

एसजीओटी (एएसटी) आणि एसजीपीटी (एएलटी) ही पेशीच्या आत राहणारी एन्झाइम्स. पेशीला इजा झाली की ती रक्तात झिरपतात. म्हणजे 'आत्ता किती मोडतोड चालू आहे' एवढंच हा आकडा सांगतो. यकृत किती शिल्लक आहे, याबद्दल तो गप्प असतो. सिरॉसिस जुना झाला की मोडण्यासारख्या पेशीच कमी उरतात, मग आकडा वाढणार कुठून?

यकृत काम किती करतंय हे पाहायचं तर अल्ब्युमिन (रक्तातलं एक प्रथिन), बिलिरुबिन (काविळीतलं पिवळं रंगद्रव्य) आणि आयएनआर (रक्त गोठायला किती वेळ लागतो त्याचं माप). अल्ब्युमिन यकृतच बनवतं आणि ते रक्तात अर्धं व्हायला साधारण २० दिवस लागतात. रक्त गोठवणाऱ्या घटकांपैकी सातवा घटक जेमतेम ४ ते ६ तासांत अर्धा होतो. म्हणून यकृत अचानक बंद पडतं तेव्हा आयएनआर एक-दोन दिवसांत चढतो आणि अल्ब्युमिन त्या वेळी अगदी छान दिसतं. वर्षानुवर्षं चाललेल्या आजारात अल्ब्युमिन हळूहळू ३.५ च्या खाली सरकतं.

आणि सगळ्यात बोलका आकडा एलएफटीच्या कागदावर नसतोच. तो सीबीसीत (रक्तपेशींच्या मोजणीत) असतो: प्लेटलेट्स. यकृत कडक झालं की पोर्टल शिरेतला (आतड्यांतून यकृताकडे रक्त आणणाऱ्या शिरेतला) दाब वाढतो, प्लीहा फुगते आणि प्लेटलेट्स तिच्यात अडकून पडतात. शिवाय प्लेटलेट्स बनवायला सांगणारं थ्रॉम्बोपोइटिन यकृतातूनच येतं, तेही घटतं. दुसरं काही कारण नसताना प्लेटलेट्स दर वर्षी थोड्या थोड्या उतरत दीड लाखाच्या खाली आल्या असतील, तर एलएफटी कितीही गोंडस असो, यकृताकडे पाहायलाच हवं.

---

अंजीर

उत्तम सुरुवात. पण मग एलएफटीचा कागद हातात आला की वाचायचा कसा? त्यावर दहा-अकरा आकडे असतात, दोन-तीन तरी ठळक छापलेले असतातच.

---

तिसरी घंटा

अंजीर, सुटा आकडा न पाहता आधी ठेवण पाहायची. एएलटी कमाल मर्यादेच्या किती पट आणि अल्कलाइन फॉस्फेटेज (एएलपी) कमाल मर्यादेच्या किती पट, हे काढून पहिल्याला दुसऱ्यानं भागा. उत्तर ५ किंवा जास्त आलं तर मार पेशींना आहे, २ किंवा कमी आलं तर अडचण पित्ताच्या वाटेत आहे, मधलं आलं तर दोन्ही मिसळलेलं.

उदाहरणार्थ, एएलटी ३२० आणि मर्यादा ४० म्हणजे ८ पट. एएलपी १८० आणि मर्यादा १२० म्हणजे दीड पट. आठ भागिले दीड म्हणजे ५.३. दोन्ही आकडे ठळक छापलेले असले तरी शोध पेशींना इजा करणाऱ्या कारणांचाच घ्यायचा: विषाणू, औषधं, स्वप्रतिकार (शरीराची प्रतिकारशक्ती यकृतावरच उलटणं).

एएलपी एकटंच वाढलेलं असेल तर जीजीटी (यकृत आणि पित्तमार्गाचं दुसरं एन्झाइम) बघा. एएलपी हाडांतूनही येतं, जीजीटी हाडांतून येत नाही. वाढीच्या वयातल्या मुलांमध्ये आणि गरोदरपणाच्या शेवटच्या तिमाहीत एएलपी वाढलेलं असणं स्वाभाविक आहे.

एएसटी हे एएलटीच्या दुपटीहून जास्त आणि दोन्ही बहुधा तीनशेच्या आतच, ही ठेवण दारूची. पण दारूचा संबंध नसताना एएसटी हळूहळू एएलटीच्या पुढे जायला लागलं तर ते व्रण वाढत चालल्याचं लक्षण असू शकतं. एएसटी स्नायूंतूनही येतं, त्यामुळे जोरदार व्यायामानंतरचा रिपोर्ट असेल तर सीपीके (स्नायूंच्या एन्झाइमची तपासणी) करून घ्यावं.

फक्त बिलिरुबिन वाढलंय, त्यातलं बहुतेक इनडायरेक्ट (यकृतानं अजून प्रक्रिया न केलेलं) आहे, हिमोग्लोबिन आणि बाकी सगळं नॉर्मल आहे: हे बहुधा गिल्बर्ट (बिलिरुबिन थोडं चढं ठेवणारी जन्मजात ठेवण). निरुपद्रवी आहे, उपास केला की वाढतं. त्यावर औषध नको आणि पथ्यही नको.

---

सूक्ष्मदर्शी

लॅबच्या बाजूचं थोडं लिहितो. आजार शरीरात नसून नळीत असतो, असं बऱ्याचदा घडतं.

पीटी-आयएनआरसाठी निळ्या बुचाची नळी लागते. तिच्यात ३.२ टक्के सोडियम सायट्रेट (रक्त गोठू न देणारं रसायन) आधीच भरलेलं असतं आणि रक्त बरोबर नऊ भाग, सायट्रेट एक भाग असंच पडलं पाहिजे. ३ मिलीच्या हिशेबात रक्त २.७ आणि सायट्रेट ०.३. नळीवरच्या खुणेपर्यंत रक्त पोचलं नाही, तर जादा राहिलेलं सायट्रेट तपासणीत घातलेलं कॅल्शियमही बांधून टाकतं आणि आयएनआर खोटाच वाढलेला येतो. फुलपाखरू सुईनं रक्त काढताना तिच्या लांब नळीतली हवा पहिल्या नळीत जाते. निळी पहिली लावली की ती हमखास कमी भरते. म्हणून आधी एक नळी टाकून द्यायची असते, घाईत हे राहून जातं.

दुसरी गोष्ट जांभळ्या बुचाची, म्हणजे ईडीटीएची (हेही रक्त गोठू न देणारं रसायन). काही लोकांच्या प्लेटलेट्स ईडीटीएमध्ये एकमेकींना चिकटून गठ्ठे करतात. मशीनला गठ्ठ्यातल्या प्लेटलेट्स सुट्या मोजता येत नाहीत आणि १ लाख ९० हजारांचे ६० हजार होतात. काचपट्टीवर थेंब पसरून सूक्ष्मदर्शकाखाली पाहिलं की कडेला पुंजके दिसतात. अशा वेळी निळ्या नळीत पुन्हा रक्त घेऊन मोजणी करायची आणि सायट्रेटनं पातळ झाल्यामुळे उत्तराला १.१ नं गुणायचं.

हेच ईडीटीए चुकून एलएफटीच्या नमुन्यात मिसळलं तर पोटॅशियम भलतंच वाढतं, कॅल्शियम पडतं आणि एएलपीही पडतं, कारण त्या एन्झाइमला लागणारं झिंक आणि मॅग्नेशियम ईडीटीए ओढून घेतं. रक्त काढताना लाल पेशी फुटल्या असतील तर एएसटी वाढलेलं दिसतं. नमुना उजेडात तासन्‌तास राहिला तर बिलिरुबिन कमी येतं.

---

पिंपळपान

सूक्ष्मदर्शी, अमोनियाबद्दलही लिहा ना. रुग्ण बरळायला लागला की सगळ्यात आधी रक्तातला अमोनिया (यकृतानं साफ करायचा विषारी कचरा) तपासायला पाठवतात.

---

सूक्ष्मदर्शी

अमोनिया म्हणजे सगळ्यात नाजूक नमुना. दंडाला पट्टा कमीत कमी वेळ, मूठ आवळायला लावायची नाही, नळी लगेच बर्फात आणि पंधरा-वीस मिनिटांत सेंट्रिफ्यूज. नळीतल्या पेशी अमोनिया बनवतच राहतात, त्यामुळे नुसता उशीर झाला तरी आकडा वर जातो. वापरायचा तो उलट्या दिशेनं: नीट घेतलेल्या नमुन्यात अमोनिया नॉर्मल असेल तर गुंगीचं दुसरं कारण शोधा. साखर, सोडियम, डोक्यातला रक्तस्राव, जंतुसंसर्ग. वाढलेला असला तरी एवढ्यावरून यकृतामुळे आलेला भ्रम ठरत नाही.

---

कासवगती

धाग्यात फिब-४ (यकृतात व्रण किती असेल याचा अंदाज देणारं सूत्र) अजून कसं आलं नाही? पैसे न घालवता करता येणारी सगळ्यात उपयोगी चाळणी आहे ती. वय गुणिले एएसटी, भागिले (प्लेटलेट्स गुणिले एएलटीचं वर्गमूळ).

वय ५२, एएसटी ५८, एएलटी ४९, प्लेटलेट्स १ लाख ४० हजार. वर ५२ × ५८ = ३०१६. खाली १४० × ७ = ९८०. उत्तर ३.०८.
वय ३८, एएसटी ४०, एएलटी ६४, प्लेटलेट्स अडीच लाख. वर १५२०, खाली २५० × ८ = २०००. उत्तर ०.७६.

१.३ च्या खाली असेल तर मोठा व्रण असण्याची शक्यता कमी, २.६७ च्या वर असेल तर जास्त. मधल्यांनी फायब्रोस्कॅन (यकृताचा कडकपणा मोजणारी तपासणी) करायचा. वरच्या उदाहरणात दुसऱ्या माणसाचं एएलटी पहिल्यापेक्षा जास्त आहे, तरी काळजी करायची ती पहिल्याची.

प्लेटलेट्स हजारांत घालायच्या, म्हणजे १.४ लाखाला १४०. लोक १.४ घालतात, उत्तर तीनशेच्या पुढे येतं आणि हाय खातात.

---

तिसरी घंटा

सहमत, फक्त तीन अटी जोडतो. पस्तिशीच्या आत फिब-४ भरवशाचं नाही. पासष्टीनंतर १.३ ऐवजी २.० ही खालची रेघ धरायची, नाहीतर वयामुळेच निम्मे लोक संशयित ठरतील. आणि तीव्र काविळीत, एएसटी-एएलटी शेकड्यांत असताना, हे गणित मांडायचंच नाही. डेंग्यूच्या तापात प्लेटलेट्स पडतात आणि एएसटी वाढतं, त्या आठवड्यातलं फिब-४ निव्वळ कचरा.

---

घनगर्द

सोनोग्राफीबद्दल. सहा ते आठ तास उपाशी राहायला सांगतात ते पित्ताशय भरलेलं दिसावं आणि आतड्यातल्या हवेनं आड येऊ नये म्हणून.

सिरॉसिसमध्ये काय शोधतो? यकृताचा पृष्ठभाग. तो नेहमीच्या पोटाच्या प्रोबनं नीट कळत नाही, त्यासाठी वरवरचं बघणारा जास्त फ्रिक्वेन्सीचा सरळ प्रोब लावायचा. यकृताच्या कडेची पांढरी रेघ आखल्यासारखी सलग असायला हवी, सिरॉसिसमध्ये ती बारीक बारीक उंचवट्यांनी तुटक होते. त्याशिवाय उजवा भाग आक्रसलेला आणि मागचा कॉडेट भाग फुगलेला, पोर्टल शीर १३ मिमीहून रुंद, प्लीहा १२-१३ सेंमीहून लांब, पोटात पाणी, नाभीकडे जाणारी बुजलेली शीर पुन्हा उघडलेली. डॉपलरवर (रक्तप्रवाह दाखवणाऱ्या सोनोग्राफीत) पोर्टल शिरेतला प्रवाह मंद किंवा चक्क उलटा.

यातलं काहीच नसलं तरी सुरुवातीचा सिरॉसिस असू शकतो. 'सोनोग्राफी नॉर्मल' एवढ्यावर थांबू नका.

फॅटी लिव्हरच्या ग्रेडबद्दल एक विनंती. ग्रेड १, २, ३ हे यकृत मूत्रपिंडाच्या तुलनेत किती उजळ दिसतं यावरून नजरेनं ठरतं. चरबी साधारण पाचव्या हिश्शाहून कमी असेल तर ती दिसतच नाही. आणि ग्रेडचा व्रणाशी संबंध नाही. ग्रेड १ वाल्याला सिरॉसिस असू शकतो, ग्रेड ३ वाल्याचं यकृत अजून मऊ असू शकतं. सिरॉसिस पुढे गेला की यकृतातली चरबी उलट कमी होते. 'ग्रेड ३ चा ग्रेड १ झाला' म्हणून आनंद मानण्याआधी प्लेटलेट्स बघा.

---

अंजीर

ग्रेडबद्दलचं माहीतच नव्हतं, धन्यवाद. फायब्रोस्कॅनला पण उपाशीच जायचं का? आणि ८.९ असा आकडा आला तर?

---

कासवगती

किमान तीन तास काही खायचं नाही. जेवणानंतर यकृताकडे रक्ताचा ओघ वाढतो आणि आकडा फुगतो.

पाठीवर झोपवतात, उजवा हात डोक्यामागे, म्हणजे बरगड्यांमधली फट उघडते. प्रोब त्वचेला काटकोनात टेकवतात आणि टिचकीसारखा धक्का बसतो. त्या धक्क्याची ५० हर्ट्झची लाट यकृतातून किती वेगानं जाते ते यंत्र मोजतं. कडक असेल तितकी लाट वेगवान. असे दहा ग्राह्य धक्के घेऊन त्यांचा मध्यक काढतात, उत्तर किलोपास्कलमध्ये.

रिपोर्टवर मोठ्या अक्षरातल्या आकड्याखाली 'आयक्यूआर भागिले मध्यक' अशी एक टक्केवारी असते, म्हणजे मोजमापं एकमेकांपासून किती विखुरली ते. ती ३० च्या आत हवी. १४ किलोपास्कल आणि ही टक्केवारी ४८ असा रिपोर्ट आला, तर तो १४ मानायचा नाही, पुन्हा करून घ्यायचा. दुसरं बघायचं ते प्रोब. त्वचेपासून यकृताचं अंतर २५ मिमीहून जास्त असेल तर नेहमीचा एम प्रोब चरबीतच चाचपडतो, तिथे खोलवर पोचणारा एक्सएल लागतो. पोटात पाणी असेल तर ही लाट पाण्यातून पुढे जातच नाही, तपासणी होणार नाही.

८ च्या खाली बहुतेक वेळा निश्चिंती. दीर्घकाळ टिकलेल्या आजारात १० च्या खाली आणि बाकी लक्षणं नसताना पुढे गेलेला आजार असण्याची शक्यता फार कमी, १५ च्या वर तो असण्याची दाट शक्यता, २५ च्या वर पोर्टल दाब धोक्याच्या पातळीवर असल्यासारखं वागायचं. ८.९ हा मधला आकडा आहे, त्यानं घाबरून जायचं नाही आणि तो विसरूनही चालणार नाही. कारण शोधायचं आणि तज्ज्ञ सांगतील तेव्हा पुन्हा मोजायचं.

सोबत कॅप नावाचा आकडा येतो, १०० ते ४०० डेसिबल प्रतिमीटर. तो चरबीचा. कडकपणाशी त्याची गल्लत करू नका.

---

घनगर्द

भर घालतो: सूज, पित्ताचा अडथळा आणि हृदयाच्या कमजोरीनं यकृतात तुंबलेलं रक्त, या तिन्हींत आकडा व्रण नसताना वाढतो. एएलटी पाचपटीवर असताना केलेल्या फायब्रोस्कॅनवरून 'एफ-४' (म्हणजे सिरॉसिस) लिहून देणं अन्याय आहे. दारू चालू असताना केलेलाही तसाच, थांबवल्यावर काही आठवड्यांत आकडा बराच खाली येऊ शकतो.

---

पिंपळपान

व्रण किती हे झालं. कारणाच्या तपासण्यांकडे दुर्लक्ष होतं, आणि उपचार तर कारणावर असतात.

हिपॅटायटिस बी: एचबीएसएजी (विषाणूचं प्रथिन), सोबत अँटी-एचबीसी टोटल (संसर्ग कधीतरी झाल्याचं अँटिबॉडी). हिपॅटायटिस सी: आधी अँटी-एचसीव्ही. हे अँटिबॉडी आहे, बरं झाल्यावरही आयुष्यभर पॉझिटिव्ह राहतं. विषाणू आत्ता आहे की नाही हे आरएनए तपासणीच सांगते. उपचार संपून १२ आठवड्यांनी आरएनए सापडला नाही म्हणजे बरा. त्यानंतर वर्षानुवर्षं अँटी-एचसीव्ही पॉझिटिव्ह पाहून माणसाला पुन्हा आजारी ठरवणं ही क्रूर चूक आहे.

लोह: फेरिटिन (साठलेल्या लोहाचा आकडा) एकट्यानं काही सिद्ध करत नाही, फॅटी लिव्हर आणि सुजेतही ते वाढतं. ट्रान्सफेरिन सॅच्युरेशन (लोह वाहणारं प्रथिन किती भरलंय) ४५ टक्क्यांवर असेल तरच लोह साठण्याच्या आजाराकडे वळायचं.

तांबं: कमी वयात यकृताचा आजार दिसला की विल्सनचा (तांबं साठण्याच्या आजाराचा) विचार करायलाच हवा. सेरुलोप्लाझमिन (तांबं वाहणारं प्रथिन), २४ तासांच्या लघवीतलं तांबं (१०० मायक्रोग्रॅमच्या वर संशय पक्का) आणि स्लिट लँपवर बुबुळाच्या कडेचं तपकिरी वलय. लघवीत इथे फार चुका होतात. सकाळी उठल्यावरची पहिली लघवी टाकून द्यायची, वेळ लिहायची आणि तिथपासून दुसऱ्या दिवशीच्या त्याच वेळेपर्यंतचा प्रत्येक थेंब, दुसऱ्या दिवशीची पहिली धरून. डबा तांबंमुक्त, लॅबनं दिलेलाच. एखादी खेप चुकून वाया गेली तर लपवू नका, नव्यानं सुरू करा.

स्वप्रतिकाराचे: एएनए, एएसएमए (स्वतःच्याच पेशींविरुद्धच्या अँटिबॉडी) आणि आयजीजी (अँटिबॉडींचा मुख्य प्रकार) एकत्र. एएलपी वाढलेलं असेल तर एएमए (पित्तनलिकांच्या आजारातलं अँटिबॉडी).

---

अंजीर

पोटातलं पाणी काढून तपासतात त्यातून काय कळतं?

---

तिसरी घंटा

दोन गोष्टी, आणि दोन्ही महत्त्वाच्या. रक्तातलं अल्ब्युमिन वजा पाण्यातलं अल्ब्युमिन. दोन्ही नमुने एकाच दिवशीचे हवेत. फरक १.१ ग्रॅम किंवा जास्त असेल तर पाणी पोर्टल दाबामुळे साठलंय. रक्तात २.६ आणि पाण्यात ०.८ म्हणजे १.८, ते दाबाचं. कमी फरक असेल तर क्षय, कर्करोग, स्वादुपिंड असा शोध. फरक मोठा आणि पाण्यातलं एकूण प्रथिनही २.५ च्या वर असेल तर हृदय तपासा.

दुसरं म्हणजे न्यूट्रोफिल (एका प्रकारच्या पांढऱ्या पेशी). घनमिलिमीटरला २५० किंवा जास्त म्हणजे पाण्यात जंतुसंसर्ग. कल्चरची वाट न पाहता प्रतिजैविकं सुरू व्हायला हवीत. कल्चरसाठी पाणी साध्या बाटलीत लॅबला पाठवू नये, खाटेशेजारीच रक्त-कल्चरच्या बाटल्यांत १०-१० मिली सोडावं, जंतू सापडण्याचं प्रमाण त्यानं बरंच वाढतं. जलोदराचा रुग्ण दाखल झाला की ताप असो-नसो, पहिल्या दिवशीच हे पाणी तपासलं पाहिजे. आयएनआर वाढलाय म्हणून हे टाळण्याचं कारण नाही.

---

कासवगती

बायोप्सी अजूनही लागते का, हा प्रश्न येणारच म्हणून आधीच लिहितो. सगळ्यांना नाही. सोनोग्राफी, प्लेटलेट्स, फायब्रोस्कॅन एकच सूर लावत असतील आणि कारण माहीत असेल तर नाही. स्वप्रतिकाराचा आजार ठरवायला, दोन कारणांत गोंधळ असताना किंवा तपासण्या एकमेकींशी भांडत असताना मात्र लागते.

१६ गेजची सुई, तुकडा किमान २ सेंमी लांब आणि त्यात निदान ११ पोर्टल जागा (रक्तवाहिन्या आणि पित्तनलिकांचे पुंजके). तरीही तो अख्ख्या यकृताचा जेमतेम ५०,००० वा भाग असतो. तुकडा दीड सेंमीचा आणि मोडलेला असेल तर व्रण खरा आहे त्यापेक्षा कमी दिसतो, म्हणून रिपोर्टमध्ये निष्कर्षाइतकीच तुकड्याची लांबी वाचा. प्लेटलेट्स फार कमी, आयएनआर १.५ च्या वर किंवा पोटात पाणी असेल तर मानेच्या शिरेतून आत जाऊन घेतात. त्याच वाटेनं पोर्टल दाबही मोजता येतो: पाऱ्याच्या ५ मिमीपर्यंत नॉर्मल, १० पासून धोक्याचा, १२ पासून अन्ननलिकेतल्या शिरा फुटण्याचा.

---

सूक्ष्मदर्शी

+१. आणि एक: बायोप्सीनंतर उजव्या कुशीवर झोपवून काही तास नाडी-रक्तदाब बघतात. त्या काळात उजव्या खांद्यात सौम्य दुखणं चालतं, पण दुखणं वाढत गेलं, नाडी जलद झाली, घाम फुटला तर लगेच सांगायचं. रक्तस्राव झाला तर बहुतेकदा पहिल्या काही तासांतच होतो.

---

अंजीर

सिरॉसिस ठरल्यावर दुर्बीण (अन्ननलिकेतल्या फुगलेल्या शिरा पाहायला एंडोस्कोपी) प्रत्येकालाच?

---

पिंपळपान

पोटात पाणी किंवा रक्ताची उलटी असं काहीच झालेलं नसेल, फायब्रोस्कॅन २० च्या खाली आणि प्लेटलेट्स दीड लाखाच्या वर असतील, तर थांबता येतं. मग दोन्ही दर वर्षी बघायचे. यातलं एक जरी बिघडलं तर दुर्बीण.

---

घनगर्द

आणि दर सहा महिन्यांनी सोनोग्राफी, सोबत एएफपी (कर्करोगात वाढू शकणारं रक्तातलं प्रथिन). ती यकृताच्या कर्करोगासाठी. १ सेंमीहून लहान गाठ दिसली तर काही महिन्यांत पुन्हा सोनोग्राफी. १ सेंमी किंवा मोठी दिसली, अथवा एएफपी २० च्या वर जाऊन चढतच राहिलं, तर कॉन्ट्रास्टचा अनेक टप्प्यांचा सीटी किंवा एमआरआय. धमनीच्या टप्प्यात गाठ उजळते आणि नंतरच्या टप्प्यात आजूबाजूपेक्षा फिकी पडते. सिरॉसिसच्या यकृतात ही जोडी दिसली तर बायोप्सीशिवायही निदान होतं. साधा, एका टप्प्याचा सीटी या कामाला चालत नाही, चिठ्ठीवर 'लिव्हर प्रोटोकॉल' असं लिहिलेलं आहे ना ते बघून घ्या.

सोनोग्राफीच्या रिपोर्टात 'यकृताचा वरचा भाग नीट दिसला नाही' असं वाक्य असेल तर ते वाचून सोडू नका. डायफ्रामखालचा तो भाग न पाहिलेली तपासणी अर्धीच झाली. डाव्या कुशीवर वळवून, खोल श्वास धरायला लावून पुन्हा पाहायला सांगा. तरीही दिसत नसेल तर पुढची खेप एमआरआयची.